तुमच्या मालाच्या पाकिटाची नक्कल झाली तर नागपुरात कुठलं दार आधी ठोठवायचं

आपल्या मालाची नक्कल झाली हे बहुतेक वेळा गिऱ्हाईकच आपल्याला सांगतं. आमचा मसाल्याचा धंदा. आम्हाला उमरेडच्या एका भोजनालयवाल्या काकांचा फोन आला. "भाऊ, यावेळचा मसाला काहून असा निघाला? नुसता रंग आहे, वास तर येऊनच नाही राहिला." त्या महिन्यात आम्ही त्यांना माल दिलाच नव्हता. त्यांनी नागपूरच्या मस्कासाथ बाजारातून पाच किलो उचलला होता, आमचाच समजून.

पाकीट मागवलं आणि टेबलावर आमच्या पाकिटाशेजारी ठेवलं. रंग तोच, मिरचीचं चित्र तेच, आमचा अन्न परवान्याचा चौदा आकडी नंबरसुद्धा तोच. फरक मागच्या बाजूला होता. आमच्या पहिल्या छपाईत "कोरड्या जागी साठवा" याचं "साठावा" झालं होतं, दुसऱ्या सिलिंडरला, म्हणजे पाकीट छापायच्या रुळाला, आम्ही ते दुरुस्त केलं. नकली पाकिटावर ती जुनी चूक काना-मात्रेसकट जिवंत होती. बॅच नंबर आणि तारीखही पाकिटाबरोबरच छापलेली, म्हणजे पाचही पाकिटांवर तारीख एकच. आमचा नंबर भरतीनंतर मशीनवर पडतो, त्यामुळे तो दर वेळी थोडा वर-खाली सरकलेला असतो.

पुढची दोन वर्षं मी जे शिकलो ते नव्यानं धंद्यात पडलेल्यांसाठी लिहितोय. मी वकील नाही. पण कुठल्या दाराशी कुठला कागद मागतात हे आता पाठ झालंय, आणि तो कागद हातात नसला की काय होतं तेही.

सरकार येतं, पण बोलावल्यावर

बौद्धिक संपदेचं, म्हणजे ट्रेडमार्क, कॉपीराइट, पेटंट असल्या हक्कांचं, राष्ट्रीय धोरण केंद्र सरकारनं मे २०१६ मध्ये मंजूर केलं. त्यातून उद्योग खात्याखाली 'सिपॅम' नावाचा कक्ष उभा राहिला. या कक्षानं पोलिसांसाठी एक हातपुस्तिकाही काढली: नकली माल आणि पायरसीच्या तक्रारीत कुठलं कलम, काय तपासायचं, काय जप्त करायचं. ठाण्यात जाताना तिची एक प्रत सोबत ठेवा. दाखवायची वेळ आली तर नम्रपणे दाखवा, शिकवायला जाऊ नका.

महाराष्ट्रात एक गंमतही आहे. एमपीडीए म्हणून पेपरात रोज ज्याचं नाव येतं त्या १९८१ च्या स्थानबद्धतेच्या कायद्याच्या लांबलचक नावात झोपडपट्टी गुंड, हातभट्टीवाले, वाळू तस्कर यांच्या रांगेत 'व्हिडिओ पायरेट्स'ही बसलेत. सिनेमाची चोरी सरकारला किती टोचते ते यावरून समजतं. मसाल्याचं पाकीट अजून त्या रांगेत नाही.

नागपुरात या विषयाची एक मोठी संस्थाच आहे: हिस्लॉप कॉलेज रोडवरची राजीव गांधी राष्ट्रीय बौद्धिक संपदा व्यवस्थापन संस्था. पेटंट तपासणारे केंद्राचे परीक्षक प्रशिक्षणाला इथे येतात. नवखा माणूस फाईल घेऊन थेट तिथे जातो, मीही गेलो होतो. पण तिथे ट्रेडमार्कचा अर्ज घेत नाहीत. आपला भाग मुंबईच्या ट्रेडमार्क नोंदणी कार्यालयाखाली येतो आणि अर्ज ऑनलाइन जातो. संस्थेत जागृतीचे आणि प्रशिक्षणाचे कार्यक्रम होतात, त्यांना जरूर जा.

पहिली पायरी: नाव नोंदवा, नक्कल होण्याआधी

आधी शोध घ्या. 'आयपी इंडिया'च्या पोर्टलवर ट्रेडमार्कचा सार्वजनिक शोध फुकट आहे. नाव जसंच्या तसं शोधा, मग उच्चारानं जवळ जाणारी नावंही शोधा. मसाल्यासाठी वर्ग ३०. माल आणि सेवांचे एकूण ४५ वर्ग आहेत आणि फी प्रत्येक वर्गाला वेगळी. एकटा माणूस, स्टार्टअप किंवा उद्यम प्रमाणपत्र असलेला छोटा उद्योग असेल तर ऑनलाइन अर्जाला ४५०० रुपये, बाकीच्यांना ९०००. उद्यमचं प्रमाणपत्र आधी काढा, इथेच निम्मे वाचतात.

नाव निवडताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. 'सावजी', 'झणझणीत', 'गावरान' असले शब्द अख्ख्या गावाचे आहेत. त्यांच्यावर एकट्याचा हक्क मिळणं कठीण, आणि मिळालाच तर टिकवणं त्याहून कठीण. आमच्या नावातही 'सावजी' आहे, पण हक्क आहे तो त्याच्या पुढच्या शब्दावर.

धंदा आधीच सुरू असेल तर अर्जात वापर कधीपासून ते लिहा आणि शपथपत्रासोबत जुनी बिलं जोडा. जुना वापर पुढे ढालीसारखा कामी येतो, कारण दुसऱ्यानं नोंदणी केली तरी आधीपासून वापरणाऱ्याला कायदा सहसा हलवत नाही. मग कार्यालयाचा परीक्षण अहवाल येतो, म्हणजे अर्जावरचे त्यांचे आक्षेप. त्याला महिनाभरात उत्तर द्यायचं असतं. ते चुकलं की अर्ज सोडून दिला असं धरलं जाऊ शकतं. पुढे सोमवारी निघणाऱ्या जर्नलमध्ये चिन्ह छापून येतं आणि चार महिने हरकतीसाठी खुलं राहतं. नोंदणी दहा वर्षांची, मोजणी अर्जाच्या तारखेपासून.

जर्नलमध्ये नाव आलं की घरी पत्रं यायला लागतात. सरकारी दिसणारा शिक्का, "नोंदणी शुल्क भरा", खाली कुठला तरी खाते क्रमांक. फी फक्त पोर्टलवर भरायची, बाकी सगळं रद्दीत. नोंदणी होईपर्यंत नावापुढे 'टीएम' लिहा. वर्तुळातला 'आर' नोंदणीनंतरच. आधी लावला तर कायद्याच्या कचाट्यात आपणच सापडतो.

दुसरी पायरी: चित्राचा मालक कोण, ते कागदावर आणा

इथे मी अडकलो, म्हणून इथे जरा थांबतो.

पाकिटावर दोन गोष्टी असतात. नाव आणि चिन्ह ट्रेडमार्कमध्ये बसतं. मिरचीचं चित्र, मांडणी, रंगसंगती हे सगळं मिळून कलाकृती होते आणि ती १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात बसते. दोन्ही हक्क हातात ठेवायचं कारण पुढे पोलिसांच्या पायरीवर समजेल.

कॉपीराइट निर्मितीबरोबर आपोआप येतो. २०२१ साली मुंबई उच्च न्यायालयानं खाद्यतेलाच्या लेबलच्याच एका वादात सांगितलं की हक्क बजावायला कॉपीराइटची नोंदणी सक्तीची नाही. तरीही नोंदणी करा, कारण ठाणेदारापुढे निकाल वाचून दाखवण्यापेक्षा प्रमाणपत्र दाखवणं सोपं. मालावर वापरायच्या कलाकृतीसाठी फी २००० रुपये. त्यासाठी ट्रेडमार्क कार्यालयाचं एक शोध प्रमाणपत्रही लागतं, की असंच चिन्ह दुसऱ्या कुणाचं नोंदलेलं नाही.

आता खरी ग्यानबाची मेख. आमचं लेबल गांधीबागेतल्या एका पोरानं केलं होतं. तीन हजार रुपये रोख, व्हॉट्सअॅपवर फाईल, विषय संपला. मला वाटलं, पैसे दिले म्हणजे चित्र आपलं. कायदा तसं मानत नाही. नोकरीवरच्या माणसानं कामाचा भाग म्हणून केलं तर मालक धनी असतो, पण बाहेरून करून घेतलेल्या लेबलचा पहिला मालक सर्वसाधारणपणे तो कलाकारच. हक्क आपल्याकडे यायला लेखी आणि सही केलेला हस्तांतरणाचा कागद लागतो. त्यात मुदत लिहिली नाही तर पाच वर्षं धरतात, आणि प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. म्हणून "कॉपीराइटच्या संपूर्ण मुदतीसाठी, जगभर" हे शब्द त्या कागदात हवेतच.

मी पहिल्यांदा ठाण्यात गेलो तेव्हा साहेबांनी पहिलाच प्रश्न टाकला, "हे चित्र तुमचंच कशावरून?" माझ्याकडे व्हॉट्सअॅपचा फोटो होता. मी परत आलो. तो पोरगा तोवर पुण्याला गेला होता. त्याला शोधून, तिकीट काढून देऊन, बॉन्डवर सही घ्यायला तीन आठवडे गेले आणि तेवढ्यात नकली माल सावनेरपर्यंत पोचला. तुम्ही हे काम डिझायनरला शेवटचा हप्ता देतानाच उरकून घ्या.

तिसरी पायरी: पुरावा, आणि तोंडाला कुलूप

नकली माल दिसला की दुकानात जाऊन भांडायचं नाही. भांडलात की संध्याकाळपर्यंत गोदाम रिकामं होतं. दुसऱ्याला पाठवून माल विकत घ्या. पक्कं बिल मागा, जीएसटी नंबर असलेलं. किराणा ओळीत पुष्कळदा कच्ची चिठ्ठी हातावर ठेवतात, तीही फेकू नका. पैसे यूपीआयनं दिले तर दुकानाचं नाव आणि वेळ आपोआप नोंदली जाते. पाकीट फोडू नका. पिशवीत घालून वर तारीख, जागा आणि आणणाऱ्याची सही.

मग तुलनेचा एक कागद बनवा. डावीकडे आपलं, उजवीकडे त्यांचं, फरक आणि सारखेपणा क्रमांकानं. आमच्या कागदावर 'साठावा' एक नंबरला होतं. वकीलसाहेब म्हणाले, रंग कुणीही सारखा निवडू शकतो, पण दुसऱ्याच्या हातून झालेली चूक उचलली म्हणजे पाकीटच उचललं. ऑनलाइन विक्री असेल तर पानाचे स्क्रीनशॉट पत्त्यासकट घ्या. कोर्टात ते लावताना साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं, वकील ते तयार करून देतात.

खाण्याचा किंवा औषधाचा माल असेल तर पोलिसांच्याही आधी अन्न व औषध प्रशासनाला लेखी कळवा. नकली पाकिटावर आपला परवाना नंबर आहे. उद्या भेसळ निघाली तर नोटीस आपल्याच दारी येईल. आपलं पत्र आधी पोचलेलं असलं की निदान तारीख आपल्या बाजूनं बोलते. शिवाय अन्न सुरक्षा अधिकारी स्वतःच्या अधिकारात नमुने घेऊन माल जप्त करू शकतात, त्यांना पोलिसांसारखं ट्रेडमार्क कार्यालयाचं मत घ्यावं लागत नाही (ते काय, हे पुढच्या पायरीत). या दाराचा विचार पुष्कळ जण करतच नाहीत, पण आमची पहिली जप्ती इथूनच झाली.

चौथी पायरी: पोलीस

दोन कायदे, दोन वेगळ्या चाव्या. १९९९ च्या ट्रेडमार्क कायद्यात खोटं चिन्ह लावणं आणि तसा माल विकणं, दोन्हीला सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड आहे. गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलीस कोर्टाच्या हुकुमाशिवाय तपास करू शकतात. पण कलम ११५ प्रमाणे झडती आणि जप्ती उपअधीक्षक किंवा त्याच्या बरोबरीचा अधिकारीच करू शकतो. नागपूर शहरात पोलीस आयुक्तालय असल्यानं तो म्हणजे सहायक आयुक्त, ग्रामीण भागात उपविभागीय अधिकारी. शिवाय झडतीआधी त्यांना ट्रेडमार्क निबंधकांचं मत घ्यावं लागतं आणि ते पाळावंही लागतं. हे पत्र पोलिसांनी पाठवायचं असतं, आपण नाही. तोवर माल गोदामात थांबून राहत नाही.

कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ खाली शिक्षा तेवढीच, पण कलम ६४ प्रमाणे उपनिरीक्षक दर्जाचा अधिकारीही वॉरंटशिवाय नकली प्रती जप्त करू शकतो, आणि निबंधकांच्या मताची अट नाही. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचं सर्वोच्च न्यायालयानं मे २०२२ मध्ये स्पष्ट केलं. त्यामुळे लेबल हुबेहूब उचललेलं असेल तर तक्रार कॉपीराइटवर उभी करा आणि ट्रेडमार्क सोबत ठेवा. नुसतं नाव मिळतंजुळतं आणि चित्र वेगळं असेल तर ही चावी लागत नाही. मग ट्रेडमार्कचा लांबचा रस्ता.

तक्रार दोन पानांत बसवा. पहिल्या परिच्छेदात आपण कोण, हक्क कुठला, नोंदणी क्रमांक. दुसऱ्यात माल कुठे, कधी, कितीला मिळाला. मग कलमं, मग जोडपत्रांची यादी. "माझ्यावर फार अन्याय झाला" हे पानभर लिहिलं होतं मी. हवालदार काकांनी शांतपणे वाचून विचारलं, "गोदाम कुठं आहे ते नाही लिहिलं?"

१ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे फौजदारी कारवाईच्या पद्धतीचा कायदा, लागू आहे. तीन वर्षं ते सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यात ठाणेदार वरिष्ठांच्या परवानगीनं १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करू शकतात, त्यामुळे "चौकशी करतो" म्हणाले तर तारीख लिहून घ्या. गुन्हा नोंदवला की प्रत फुकट मिळते. नोंदवलाच नाही तर लेखी तक्रार वरिष्ठांकडे, आणि तिथेही काही हललं नाही तर याच संहितेच्या कलम १७५(३) खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. झडती-जप्तीचं व्हिडिओ चित्रण आता बंधनकारक आहे. छाप्याच्या वेळी आपलं काम एकच, असली-नकली ओळखून सांगणं. मालाला हात लावायचा नाही, दुकानदाराशी बोलायचं नाही. पंचनाम्यात पाकिटांचा आकडा मोजून लिहिलाय ना ते बघा. "अंदाजे दोन पोती" असं लिहू देऊ नका.

आणि गुन्हा म्हणजे शेवट नव्हे. दोषारोपपत्र, तारखा, आपली साक्ष, मुद्देमालाची ओळख. आमचं अजून चालूच आहे.

दिवाणी दावा: माल थांबवायचा असेल तर

नकलीचा कारखाना कायमचा थांबवायचा असेल तर मनाई हुकूम लागतो आणि तो दिवाणी कोर्ट देतं. नोंदणीकृत चिन्हाचा मालक आपण जिथे धंदा करतो तिथल्या जिल्हा न्यायालयात दावा लावू शकतो, म्हणजे समोरचा रायपूरचा असला तरी आपण नागपूरच्या सिव्हिल लाईन्समधल्या कोर्टात. उच्च न्यायालयाचं खंडपीठ बाजूलाच आहे म्हणून तिथे पहिला दावा लागतो असं नाही, तिथे अपील जातं. नोंदणी नसेल तर 'पासिंग ऑफ'चा दावा होतो: हा माणूस स्वतःचा माल माझा म्हणून खपवतोय, असं म्हणायचं. त्यात बाजारातलं आपलं नाव पुराव्यानं सिद्ध करावं लागतं, म्हणून जुनी बिलं आणि जाहिरातींची कात्रणं जपा.

दाव्याची किंमत ३ लाखांच्या वर असेल तर तो व्यावसायिक न्यायालयात चालतो. तातडीची मनाई मागितली नसेल तर आधी मध्यस्थी करावीच लागते. तातडी असेल तर उशीर करू नका. आधी सहा महिने गप्प बसून सातव्या महिन्यात "साहेब, फार तातडी आहे" म्हटलं तर न्यायाधीश तारखांकडे बघतात.

धमकीची नोटीस पाठवण्याआधीही वकिलाला विचारा. नोंदणी नसताना उगाच धमकावलं तर ट्रेडमार्क कायद्याच्या कलम १४२ खाली समोरचाच आपल्यावर दावा लावू शकतो.

बाकीची दारं, थोडक्यात

माल बाहेर देशातून येत असेल तर २००७ च्या नियमांखाली कस्टम्सकडे आपला हक्क ऑनलाइन नोंदवता येतो. मग संशयित माल अडवून ते आपल्याला कळवतात, आणि आपल्याला १० कामकाजी दिवसांत कारवाईत सामील व्हावं लागतं. वस्तूच्या आकाराचं डिझाइन किंवा पेटंट असेल तर त्याच्या नकलेसाठी पोलीस नाहीत, फक्त दिवाणी दावा. ऑनलाइन दुकानांवर 'बौद्धिक संपदा तक्रार' असा वेगळा फॉर्म असतो. नोंदणी क्रमांक टाकला की नकली मालाचं पान बऱ्याचदा काही दिवसांत उतरतं, आणि खरं सांगायचं तर सगळ्यात स्वस्त आणि वेगवान दार तेच.

संत्रा आणि मिरचीवाल्यांसाठी वेगळं सांगतो. नागपूर संत्र्याला २०१४ मध्ये आणि भिवापूर मिरचीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. म्हणजे ती नावं आता त्या मुलखाची. शेतकऱ्यानं 'अधिकृत वापरकर्ता' म्हणून चेन्नईच्या नोंदणी कार्यालयात नाव घालून घेतलं तर बाहेरची मिरची भिवापुरी म्हणून विकणाऱ्यावर तो स्वतः कारवाई मागू शकतो, शिक्षा ट्रेडमार्कसारखीच. याची दुसरी बाजू अशी की आम्हीही पाकिटावर 'भिवापुरी मिरची' लिहिणं बंद केलं. आमची अर्धी मिरची कळमन्याच्या बाजारातून येते आणि ती कुठल्या शेतातली ते व्यापाऱ्यालाही सांगता येत नाही.

आपणच दुकानदार असू तर

इतवारीत असंही होतं की चार माणसं येतात, "आम्ही कंपनीकडून" म्हणतात, कॅरीबॅगमध्ये माल भरतात आणि शेवटी "मिटवून टाकू" वर येतात. ओळखपत्र मागा, अधिकाऱ्याचा हुद्दा विचारा, कंपनीचं अधिकारपत्र बघा. पंचनामा वाचल्याशिवाय सही नाही. पोलीस, सरकारी अधिकारी किंवा कोर्टाचा हुकूम सोबत नसेल तर नुसत्या कंपनीच्या माणसांना माल उचलायचा अधिकार नाही. माल खरंच जप्त झाला आणि तो आपल्याला नकली वाटत नसेल तर १५ दिवसांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यांकडे परत मागायचा अर्ज करता येतो. माल घेतानाचं पक्कं बिल इथे वाचवतं. ज्याच्याकडून घेतला त्याचं नाव सांगता आलं आणि माहीत नसताना विकला हे दाखवता आलं तर ट्रेडमार्क कायदा विक्रेत्याला बचावाची जागा देतो.

शेवटचं काम छापखान्यातलं. आमची नक्कल कुठून झाली याचा धागा 'साठावा'नंच दिला. ती चूक फक्त पहिल्या सिलिंडरवर होती, आणि ते सिलिंडर आम्ही बदलल्यावर छापणाऱ्याच्या मांडणीवरच राहून गेलं होतं. सिलिंडरचे पैसे आपण भरतो, पण परत आणायचं कुणाच्या डोक्यात येत नाही. छपाईच्या ऑर्डरमध्येच लिहून घ्या: सिलिंडर आमचं, बदललं की पावतीवर परत. आमचं जुनं सिलिंडर आता दुकानाच्या माळ्यावर आहे, पोत्यात गुंडाळून. कोर्टात लागलं तर काढू.